परत मर

अशपाक शिकलगारच्या अकरा सिनेमांत मी मेलोय.
दोनदा विहिरीत, एकदा उसाच्या फडात,
एकदा उद्यमनगरात, त्याच्याच लेथवर,
सोमवारी, लाइट बंद असताना.
बाकीची मरणं आता नीट आठवत नाहीत.

रक्त तो काकवीचं करायचा.
काकवी, कुंकू, चिमूटभर कॉफी.
"नुसतं लाल असलं की नाटकातलं वाटतंय, भावा."
मुंग्यांना मात्र ते कळायचं.
मी मेलेला, डोळे उघडे,
आणि कानाच्या पाळीवरून एक रांग
निवांत आत निघालेली.

"हललास," तो म्हणायचा. "परत मर."

लिहायचा तोच, रात्रपाळीत,
फीड लावून हात मोकळे झाले की
डिलिव्हरी चलनांच्या पाठीवर;
कागदाला कटिंग ऑइलचा वास.
कॅमेरा लग्नांच्या शूटिंगमधनं फेडलेला.
अक्षता पडल्या, पंगती उठल्या
की त्याच कार्यालयाच्या जिन्यात
आम्ही भूत उभं करायचो.
भुताची साडी रुखसानावहिनीची,
इस्त्री करून परत द्यायची, ही अट.
दाराची करकर तो तोंडानं काढायचा.
जोडकामही तोच करायचा,
आणि शाहूपुरीत रात्री एकला
खळीची बादली घेऊन पोस्टर लावणाराही तोच.

शेवटी नावं यायची तेव्हा मात्र ही गर्दी.
संकलन: बी. बाबालाल.
ध्वनी: कुमार रंकाळा.
रंगभूषा: मिस जुलेखा.
बाबालाल त्याचा बाप, सुऱ्यांना धार लावत गेला.
जुलेखा त्यांची शेळी.
"एकच नाव सात वेळा आलं
की माणसाला दया येती," म्हणायचा.
"आणि दया आली की भ्या जातंय."

कळंब्याच्या हॉलमध्ये तेवीस माणसं होती.
एक पोरगं असं रडलं की आई बाहेर घेऊन गेली.
हा मागनं पाण्याची बाटली घेऊन धावला,
पायरीवर उकिडवा बसून विचारत होता,
"बाळा, नेमकं कुठं भ्यालास?
हात दिसला तवा,
का दिसायच्या आधी?"

बारावा घाटावर. पंचगंगा, रात्रीचे दोन.
भूत करणारा पोरगा भरतीला गेलेला.
अशपाकनंच साडी नेसली,
कॅमेरा तिकाटण्यावर लावला, बटण दाबलं,
आणि खालच्या पायरीवरून वर यायला लागला.
बावन्नाव्या वर्षी, गुडघे धरलेले, हळू.
इतकं हळू चालणारं भूत मी बघितलं नव्हतं.
आला. माझ्याजवळ उभा राहिला.
उभाच राहिला.

कट म्हणायला कोणी नव्हतं.

तो पदराआड. मी मेलेला.
लाल ठिपका चालू.
पलीकडं कुत्रं भुंकून दमलं.
काय करणार, उठून बसलो
आणि मीच ओरडलो.

तो पायरीवर टेकला, पिना काढत.
"नाव घालतो तुझं," म्हणाला, "सहायक दिग्दर्शक.
खरं घालू?"

मी कानातली मुंगी काढत होतो.
अजून सांगितलेलं नाही.