इतिवृत्त, दुसरा शनिवार

मंडळाची पाटी रस्ता रुंदीकरणात गेली.
तीवर त्याचं पूर्ण नाव होतं,
पेंटरनं एक काना जास्तीचा दिलेला.
तेव्हापासून आम्ही त्याला नुसतं 'काचवाला' म्हणतो,
पोटासाठी भिंगं घासायचा म्हणून,
आणि बसतो हातिमभाईंच्या चष्म्याच्या दुकानामागं,
रविवार कारंजाजवळ,
जिथं समोरच्या भिंतीवर अक्षरं
वरून खाली लहान होत जातात.

सभासद : स्थापनेच्या वेळी एकोणीस.
सध्या पाच. गणपूर्ती तीन.
(घटनेत तसा बदल आम्ही तिघांनीच केला.)

गायधनी सर्वांत जुने. नाशिकरोडच्या प्रेसमधून निवृत्त.
छत्तीस वर्षं कोऱ्या नोटांमध्ये चूक शोधली,
तीच नजर घेऊन ते काचवाल्याकडे आले.
एका ओळीला एक शनिवार.
"घाई कशाला," म्हणायचे, "तीनशे वर्षं थांबलाय तो."

वाद पुष्कळ झाले.
एकदा पगारेबाईंनी विचारलं,
सगळं जर एकच असेल, देव म्हणा, निसर्ग म्हणा,
तर कुंडाच्या तळाला ओतलेलं काँक्रीटही तोच का?
आणि त्याखाली दबलेले झरे?
हातिमभाई म्हणाले, दोन्ही.
बाई म्हणाल्या, मग भांडायचं कोणाशी?
त्या रात्री शटर साडेअकराला पडलं.
उत्तर इतिवृत्तात नाही.
चहाचे पैसे आहेत : चौऱ्याऐंशी.

पण खरं अडलं ते एका शब्दावर.
त्याच्या लॅटिनमधला, तीन अक्षरी.
प्रत्येक वस्तूत असतो म्हणे, दगडातसुद्धा,
आपण जे आहोत ते असत राहण्याचा जोर.
त्याला मराठीत काय म्हणायचं?
'प्रयत्न' प्रगतिपुस्तकातला वाटला.
'धडपड' मला आवडला होता; गायधनी म्हणाले,
"त्यात पड आहे."
'जिजीविषा' खैरनार सरांनी कोशातून आणला,
बाई म्हणाल्या, दगडाला जगायचं नसतं,
नुसतं असायचं असतं.
'चिवटपणा'वर मतदान झालं. दोन विरुद्ध दोन.
हातिमभाई गिऱ्हाईकाकडे गेले होते.

तीन वर्षं.
अनुवादाच्या वहीत त्या जागी पेन्सिलीनं चौकोन.
पुढची पानं लिहून होत गेली,
शब्द येईल तिथं चौकोन,
खिडक्या बसवायच्या राहिलेल्या घरासारखी वही.

निफाडचा पारा पाचावर आला त्या आठवड्यात
गायधनींना बिटकोत ठेवलं.
आम्ही गेलो, सवयीनं वही घेऊन.
सून बाहेर बाकावर डब्याचं झाकण पुसत बसलेली.
कसं आहे, विचारलं.
"डॉक्टरांनी काल रात्रीच सांगितलं होतं," ती म्हणाली,
"पण तग धरून आहेत."

कोणी काही बोललं नाही.
बोलणं बरं दिसलं नसतं.
हातिमभाईंनी चष्मा काढून पुसला,
तो स्वच्छच होता.
दोन अक्षरं. बांधावरच्या बाभळीलाही लागू पडणारी,
आमच्यातल्या प्रत्येकानं
हजारदा वापरलेली.

खैरनार सर आत जाऊन कानाशी सांगून आले.
बोट हललं, म्हणतात.
मी तशी नोंद केलेली नाही.

गायधनी त्यानंतर चार दिवस होते.

जानेवारी. उपस्थिती चार.
शोकप्रस्ताव नको, बाई म्हणाल्या,
त्यांना त्यात चूक सापडेल.
मग चौकोन भरायला घेतले. एकशे सदुसष्ट.
शब्द बहुतेक ठिकाणी चौकोनाहून लहान पडला,
बाजूला थोडी जागा उरली.
ती तशीच ठेवली.

ठराव क्रमांक एक : शब्द निश्चित.
अनुमोदन : सर्व.
सूचक : गायधनींच्या सूनबाई.
नाव विचारायचं राहून गेलं.
पुढच्या सभेपूर्वी विचारून घेणे.