पल्ला

तोफ अजून जागेवर आहे.
दर एप्रिलमध्ये विनिफ्रेड स्कोबी तिला ग्रीस लावते,
चाकांना, गंजल्या दात्यांना,
तोंडात ठोकलेलं लाकडी बूच पुसून घेते.
शनिवारी दोन डॉलरांत किल्ला बघता येतो,
शाळेच्या मुलांना फुकट.

ही कुणासाठी आणली?
रशियनांसाठी. अठराशे पंच्याऐंशी साली.
आले?
नाही.
मग?
मग जपान्यांसाठी नवा रंग दिला.
ते आले?
इथवर नाही.
एकदाच उडाली, चाचणीला,
आणि खालच्या गल्लीतल्या बेकरीची सगळी तावदानं गेली.
आमच्या गावाचं युद्धातलं नुकसान ते तेवढंच.

गेल्या आठवड्यात क्षितिजावर तीन राखाडी जहाजं दिसली.
पाणी कुणाच्याच मालकीचं नव्हे, सगळं नियमात.
रेडिओवरून विमानांना सांगितलं म्हणे,
जरा बाजूने जा, नेमबाजीचा सराव चालू आहे.
फार अदबीनं सांगितलं.

तेव्हापासून बंदरावरच्या शेडमध्ये दुसरा विषय नाही.
अर्विन टॉलबट शेवंडं खोक्यांत भरतो,
ओल्या भुशात, जिवंत, मिशा हलत्या,
रात्रीच्या विमानाने, त्याच देशाला.
"गिऱ्हाईक कधी गोळी घालतं का?"
मग खिळा ठोकता ठोकता थांबतो.
"तसं मागे सहा महिने एक खोका उचलला नव्हता.
राजधानीत कुणीतरी काहीतरी बोललं होतं.
बंदूक लागली नाही तेव्हा."

हेडली, नौदलातून निवृत्त, नकाशावर सुतळी धरतो.
इंधन कुठे भरतील? वाटेत आसरा कोण देईल?
सुतळी टेबलाच्या कडेवरून खाली लोंबते.
"नाही पोचणार," तो म्हणतो,
आणि "अजून तरी" एवढं
बिस्किटासारखं चहात बुडवतो.

या बेटांवर साप नाहीत.
म्हणून भुई धोपटायला
दर पिढीला नवं निमित्त लागतं.
पण ज्यानं साप कधी पाहिलाच नाही
त्याला पायाशी आलेला साप
दोरीच वाटणार,
हेही आहे.

मेरेआना पोहातू कोपऱ्यात शिंपले सोलत बसलेली.
"आमचीही बैठक बसली होती," ती म्हणते, "याच टेकडीवर.
इतक्या लांबून कशाला कोण येतंय, म्हणाले म्हातारे,
त्यांना डोलकाठ्यांपुरतं लाकूड हवंय, दोरखंडाला वाख.
आम्ही बटाटे विकले त्यांना.
भाव चांगला आला."
सुरी चालूच राहते.
किटली शिट्टी घालते, कुणी उठत नाही.

बेकरीत आता लियाओ नवरा-बायको.
एकोणीस वर्षं. पहाटे तीनला भट्टी.
जहाजं दिसली त्याच्या दुसऱ्या दिवशी
कुणीतरी विचारलं, सहजच, पाव पिशवीत टाकताना,
"मग, तुम्ही कुणाच्या बाजूचे?"
चेष्टेनंच.
लियाओबाईंनी सुटे पैसे दोनदा मोजले.

या शनिवारी त्यांची रुइशिन वर्गाबरोबर वर आली.
इथेच जन्मलेली, विनिफ्रेडच्याच दवाखान्यातली दायी होती तेव्हा.
तोफेच्या माशीला डोळा लावून म्हणाली,
पल्ला किती हिचा?
विनिफ्रेडने पाटीवरचा आकडा वाचला, यार्डांत.
बाकीची पोरं समुद्राकडे बोटं करत भांडू लागली,
त्या खडकापर्यंत, नाही, त्याच्याही पुढे.
ती मात्र वळून
खाली गल्लीकडे बघत राहिली,
जिथे तिची आई
दुकानाची मोठी काच
आतून पुसत होती,
आणि मग बाहेरून.