शून्य नॉट

आमच्या गावात पान हलत नाही असं म्हणायची सोय नाही,
कारण पानच नाही. झाड नाही एकही.
फेरो बेटांच्या पार वरच्या टोकाला
एकसष्ट माणसं, चारशे मेंढ्या
आणि वारा.
पोरांना इथे चालण्याआधी
दार उघडताना कडी घट्ट धरायला शिकवतात.

मी हवामानखात्याची. दर तीन तासांनी टेकाडावर जाते,
खांबावरच्या तीन वाट्या गरगरताना बघते,
आकडा लिहिते, खाली येते.
माझ्याआधी हानुस होता. वही देताना म्हणाला,
"शून्य दिसलं तर यंत्राला हात लावू नकोस.
गावात जा. काय झालंय बघ."

त्याचं म्हणणं, इथला वारा समुद्रावरून येतच नाही.
बंदरावरचा दिवा कुणी रंगवायचा,
कुंपण कुणाच्या हद्दीत,
पाद्रीबुवा प्रवचन लांबवतात की नाही,
एकसष्ट डोकी एकसष्टीकडे ओढतात
आणि त्या ओढाताणीचा वारा होतो.
सगळ्यांच्या मनात एकच गोष्ट आली, की पडतो.

मी हसले होते.

ऑक्टोबरातल्या रविवारी एइविनची होडी आली नाही.
होडीत तो, आणि त्याचा धाकटा, रोई.
दुपारी तीन: एकोणतीस नॉट.
सहा: चार.
नऊ: शून्य.

सोमवारी धुराड्यांतला धूर सरळ वर गेला.
दोरीवरचे कपडे कपड्यांसारखे लोंबत राहिले.
खाडीपलीकडचा ओढा ऐकू आला,
मेंढ्यांचं रवंथ ऐकू आलं.
सुन्निवाच्या चार वर्षांच्या मुलीनं कान झाकून विचारलं,
"हा आवाज कसला?"
कसलाच नव्हता.

दोन दिवस, तीन दिवस.
कुणी कुणाशी भांडेना. उधारी मागेना.
बिर्नाच्या दाराशी भाकऱ्या, मासे, मेणबत्त्या,
आणि सगळे पावलं न वाजवता परत.

पण फटीफटींच्या लाकडी खोपटांत
त्या आठवड्यातच कापलेल्या मेंढ्या टांगलेल्या.
आम्ही मीठ लावत नाही, धूर देत नाही,
वर्षाचं मांस वाऱ्याच्या भरवशावर सोडतो.
चौथ्या दिवशी वास बदलला.
पाचव्या दिवशी माशी.
प्रत्येकाला कळत होतं,
आणि ते कळणंही सगळ्यांचं एकच होतं.

शुक्रवारी दुकानात मार्यून आली,
एइविनची आत्या, ब्याऐंशी वर्षांची.
बिर्ना पावाच्या फळीपाशी उभी होती, पाव न घेता.
मार्यून मोठ्यानं म्हणाली,
"माझं नवं कोरं फावडं नेलं त्यानं. परत द्यायचं नाव नाही.
गेला तो गेला, फावडं घेऊन गेला."

दीधरिकच्या हातातलं वजन गल्ल्यावर पडलं.
"म्हातारे, लाज?" कुणीतरी.
"खोटं नाही हं, माझी करवतसुद्धा..." दुसरं कुणीतरी.
आणि मग बिर्ना, पाच दिवसांत पहिल्यांदा,
"दिलं होतं त्यानं परत! मी धुऊन दिलं होतं!
माझ्या हातानं!"
आवाज चिरकला. तिनं पाव उचलून
मार्यूनच्या अंगावर भिरकावला.

दारावरच्या जुन्या जाहिरातीचा कोपरा
उचलला गेला, परत बसला.

मी धावत टेकाड चढले.
एक वाटी थरथरली, मग तिघी.
वायव्येकडून दोन नॉट.
रात्री गावात तीन घरांतून भांडणं ऐकू येत होती.
मी लिहिलं: अकरा.

तोर्शहावनहून फोन आला. पाच दिवस शून्य कसं?
"बेअरिंग अडकलं होतं."
"सुटलं?"
"सुटलं."

पुढच्या आठवड्यात मार्यूनचं भांडं द्यायला गेले.
खोपटात खिळ्याला फावडं होतं,
पातं स्वच्छ, मातीचा कणही नाही.
मी बघत होते ते तिनं बघितलं.
"आत ये, नाहीतर बाहेर राहा," ती खेकसली.
"पण दार धर. वारा केवढा सुटलाय."