उणकी

नाशिक नऊ टेकांवर वसलं, म्हणतात.
वसलं होतं, असं म्हणा.
आता नऊही टेकं हवेत,
खाली गोदावरी, आणि तिच्यावर नऊ सावल्या
घाटावर वाळत घातलेल्या धुण्यासारख्या.

मी वजनमापे निरीक्षक, वर्ग दोन.
चित्रघंटेवरून डिंगरअळीला जायला
दोरखंडाचा पाळणा आहे. भाडं माणसाच्या वजनावर.
त्यामुळे तक्रारी फार.

पहिली तक्रार द्राक्षवाल्याची:
निवृत्ती मोगल, जुनी गढी, गाळा चार.
"बाई, माझं किलोचं माप मलाच फसवतंय."
खरंच. शिक्का होता, शिसं शाबूत,
आणि काट्यावर नऊशे चाळीस.
उलटं करून ठोकलं तर बुडाच्या भोकातून
एक उणकी बाहेर आली,
मिशा पुसत, पंगतीतून उठल्यासारखी.

तिळाएवढी. पाठीला नवी कल्हई.
पाय सात.
(सातवा कशाला, कुणाला ठाऊक नाही;
तो ती कुठेच टेकवत नाही.)
पंख नाहीत. लागत नाहीत.
ती लोखंड खात नाही, दगड खात नाही,
त्यांच्यातला जडपणा खाते.
पाटा तसाच राहतो, वाटण वाटलं जात नाही.
घंटा तशीच, पण टोल
पिसासारखा तरंगत खाली येतो.

टेकांच्या पोटाला त्यांची वस्ती.
उलट्या लटकून, पिढ्यानपिढ्या
मुरमातलं ओझं गिळतात.
म्हणून आपण वर.
कमी झाल्या की टेक खचतं,
पायऱ्या पाण्याला लागतात, मासे ओट्यावर येतात.
जास्त झाल्या की
ते म्हसरूळ टेकाचं सांगते.

त्याआधी एक.
लोक म्हणतात, उणकी दुःखाचंही वजन खाते.
मी तपासलं आहे.
वडील गेले त्या आठवड्यात
काडेपेटीत तीन उणक्या घालून उशाशी ठेवल्या.
सकाळी काडेपेटी छताला चिकटलेली
आणि मी होते तिथेच, गादीत खड्डा करून.
नोंद: खात नाही.

म्हसरूळ टेक आश्विनात सुटलं.
आधी पाळण्याचा दोर ताणला, तारेसारखा वाजला,
मग कडेचा शेवगा आमच्या डोळ्यांदेखत
रामशेजच्या माथ्याइतका उंच गेला.
वर एकोणीस घरं. त्यात तुळजा वडनेरे,
तांबटाची सून, ठार बहिरी.
तिला पुस्तकात नसलेलं माहीत होतं:
उणकीला ठोका सोसत नाही,
गिळलेलं ओकते आणि सुटते.
तिने ऐरण टेकाच्या मध्यावर आणली
(एकटीने, एका हाताने; ऐरणीत उरलं काय होतं)
आणि हंडा घडवायला बसली.
ठण्. ठण्. ठण्.
दिवस, रात्र, परत दिवस.
खालून आम्हाला दिसायचं, टेकाच्या पोटातून
चमचमती पूड कडेकडेने सरकते आहे
आणि गळते आहे. वर, आभाळात.

तिसऱ्या दिवशी टेक उतरलं,
जिथे होतं त्याहून हातभर डावीकडे.
पाळण्याचा दोर अजून तिरका आहे.
दुरुस्तीचा अर्ज प्रलंबित.

मी पंचनाम्याला गेले.
ती चिंचेनं हंडा घासत होती.
मठाराचा एक ठोका चुकलेला नाही.
हातवारे करून विचारलं, भीती नाही वाटली?
"कशाची? मला काय ऐकू येतंय?
पण हातोडा जड व्हायला लागला ना,
दर ठोक्याला थोडा थोडा,
तेव्हा म्हटलं, चला. उतरतोय."

हंड्याच्या काठाखाली एकच उणकी राहिली होती.
ती मी तराजूत ठेवली.
दुसरं पारडं रिकामं. तरी तेच खाली गेलं.
रकान्यात आकडा लिहिला,
आणि आकड्याआधी एक आडवी रेघ;
नमुना सातमध्ये तिला जागा नाही.
समासात काढली. शिक्का मारला.

"किती भरली?" तुळजाबाईंनी विचारलं.
मी बोट वर केलं.