ओतून येईपर्यंत

ग्रिम्सबीतला बर्फाचा कारखाना, बंद पडलेला.
आत कबुतरं, गंजके पाइप
आणि आडव्या खांबाला बांधलेला क्लिफर्ड,
निवृत्त खलाशी, वय एकाहत्तर, आजचा लोकी.

तिन्ही लोकी म्हणतो आपण, त्यातला नाही.
हा उत्तरेकडचा, देवांत राहून देवांचं बिघडवणारा.
शिक्षा अशी: डोक्यावर साप,
विष थेंब थेंब तोंडावर,
शेजारी बायको, भांडं धरून.
भांडं भरलं की ती ओतायला जाते.
तेवढ्यात पडतात त्या थेंबांनी तो तळमळतो
आणि भूकंप होतात.

बायको मी.

"अभिनय नको," टॅम्सिन म्हणाली, "नुसतं धर."
वृद्धाश्रमात रात्रपाळी करते मी.
धरणं मला शिकवायला नको.

साप म्हणजे रबरी नळी. विष म्हणजे गार कॉफी.
तीच कॉफी, धुण्याचा सोडा कालवून,
रात्री बादलीत फिल्म धुवायलाही.
डाग पडले तर पडू देत म्हणे.

भांडं माझ्या घरचं, स्टीलचं पातेलं,
कडेला ठिपक्याठिपक्यांनी कोरलेलं:
चि. सौ. कां. वृषालीस, दगडूमामा, बार्शी.
टॅम्सिननं त्यावरून बोट फिरवलं.
जुनी रून लिपी का ही?
हो म्हटलं.
थंडी होती, कोण समजावत बसणार.

चाळीस मिनिटांनी पातेलं भरलं.
खांदे भरून आले. क्लिफर्ड घोरत होता.
मी उठले,
आणि कॅमेरा त्याला सोडून माझ्यामागे आला.

हे ठरलं नव्हतं.
इतकी शतकं सगळे गुहेतच थांबले,
त्याचं तोंड बघत, जमीन हलायची वाट बघत.
मोरीपर्यंत तिच्यासोबत कुणी आलंच नव्हतं.

मी ओतलं. तळाशी गाळ राहिला,
म्हणून पुन्हा विसळलं.
घाई केली नाही.
मागून क्लिफर्ड: "सावकाश, पोरी.
तोंड धुवायचंच होतं मला."

मार्चमध्ये मासळीबाजारामागच्या हॉलात
चादर ताणून दाखवली. नऊ मिनिटं.
अकरा माणसं, एक कुत्रा.
त्यातली पाच मिनिटं माझी पाठ, मोरी,
डागांमधून वाट काढणारं पाणी,
आणि शेवटी पातेल्याची कड, भिंतीएवढी:
बार्शी.
कुणीतरी कुजबुजलं, फार प्राचीन असणार.

आतलं काळपट वळं चिंचेनंही निघत नाही.
आज त्यातच वाटाणे भिजत घातलेत.