बाकी पुढील पानी

श्रावणात हुकूम आला: फौजेचे हिशेब बंद करा,
ज्येष्ठअखेरचे. अधिक ज्येष्ठ धरून.
आता अधिक महिन्याचा रोजमुरा द्यायचा की नाही
यावर आम्ही तिघे कारकून दोन दिवस भांडलो.
गोपाळ रंगो म्हणाला, अधिकात जावयाला अनारसे देतात,
शिपायाला पगार नाही.
लष्करात बऱ्याच दिवसांनी कुणी हसलं.

लिहायचं ते असं:
नाव, बापाचं नाव, पथक, चेहरा, घोड्याचा रंग, डाग,
येणे, नालबंदी वजा, दाणावैरण वजा,
आणि शेवटी एक नवा रकाना, तांबड्या शाईचा:
त्या अठरा दिवसांत कोणाकडून काय घेतलं.

घेतलं सगळ्यांनीच.
खजिना तोच, थैल्या त्याच, लाखेवरची मोहरही तीच,
फक्त खिडकीबाहेरची ललकारी वेगळी.
नियामतखान रिसालदारांनी तर मोजलेसुद्धा नाहीत,
पागोट्याच्या शेवात बांधले,
"मुन्शीजी, वर्षाचं थकलंय. देणारा कोण, ते नंतर पुसू."
मोजून देत होतो मीच.
बरू माझा, अक्षराचं वळण माझं.

आता त्याच वळणानं वसुली लिहितो.

जमादार यसाजी पवळे, हजर. पायात जोडा नाही.
येणे एकशे बारा.
वजा ऐंशी, घेतलेले. वजा नऊ, नालबंदी.
वजा सव्वा, तंबूची दोरी गहाळ.
हाती पावणेबावीस.
ऐंशी गेले तेव्हा मान हलवली फक्त.
दोरीवर अडला.
"दोरी गहाळ नाही, राघोपंत.
तिनं भावाला घोड्यावर बांधून आणला,
कोट्याच्या सरायीपासून. सुटेना, मग तशीच जाळली त्याच्यासकट."
मी सव्वा रुपया खोडला.
दोरी: खर्च, सरकारकामी.

नियामतखानांकडून कुणी आलं नाही.
त्यांच्या रिसाल्यातला केसू खरात, घरच्या घोड्याचा शिलेदार,
त्याची बायको आली मुरारहून चालत.
फडक्यात चामड्याचा तुकडा, मीठ चोळलेला,
त्यावर डाग, स्पष्ट, सरकारी.
घोडा कामी आला, शाबीत.
मी विचारलं, आणि स्वार?
स्वारासाठी लागतात प्रेत पाहिलेले दोन इसम
किंवा वरिष्ठाचं पत्र.
वरिष्ठ म्हणजे नियामतखान.
ती चामड्याची घडी घालत राहिली, उलगडत राहिली.
"मग त्यांनाही डागायचं होतं की, भरती करताना."

चेहरेपट्टी काढून वाचली तिच्यापुढे:
रंग गव्हाळ, बांधा उंच, वय अदमासे तीस,
उजव्या भिवईवर व्रण.
तिनं स्वतःच्या भिवईवर बोट फिरवलं.
"तो माझ्याच हातून. फळीवरचा वरवंटा काढताना."
याला रकाना नव्हता.

घोडा: रुपये दीडशे, पावले. निशाणी अंगठा.
स्वार: दर्याफ्त चालू.

रात्री बेरीज घेतली. एकशेवीस रुपये जुळेनात.
तीनदा घेतली, उलटीकडूनही एकदा.
गोपाळ रंगो घोंगडीतून म्हणाला, कारकुनांचं धरलंस का?
नव्हतं धरलं.
खिडकी बंद करताना दिले होते त्यांनी आम्हालाही,
दर असामी चाळीस, वर शाबासकी.
माझ्या चाळीसांत सराफ्यातून बायकोच्या पाटल्या सुटल्या.
गोपाळ रंगो आपल्या चाळीसांचं सांगत नाही.
तिसरा तेव्हापासून खोकत पडलाय, त्याला काय विचारायचं.

बरू नव्यानं तासला. तांबडी शाई घेतली.
नाव: राघो मोरेश्वर, कारकून, बक्षीखाना.
बापाचं नाव. घोडा नाही.
चेहरा.
तिथं अडलो. दप्तरात आरसा नसतो.
गोपाळ रंगोला हलवून उठवलं, दिवा तोंडाशी धरला,
म्हटलं, नीट बघ आणि सांग,
मी लिहितो.