आठ नंबर

रात्री सव्वादोनला फोन : सात नंबर पुन्हा थांबतोय.
अक्कलकोट रोडवर दोन ट्रक, चार कुत्री, माझी स्कूटर.
डिकीत मल्टिमीटर, टेस्टर, जुन्या बनियनचा धुतलेला तुकडा.

शेडमध्ये माणसं बोलत नाहीत, चोवीस माग बोलतात.
आपण ओठ वाचायचे.
गोवर्धन इराबत्तीचे ओठ म्हणाले, दारम बरोबर आहे,
मशीनच येडी झालीय.

येडी नव्हती. दिसत नव्हतं तिला.
वाऱ्याच्या फुंकरीवर आडवा धागा सुटतो,
पलीकडच्या काठाला शेंगदाण्याएवढा डोळा.
स्वतःच उजेड टाकतो,
धाग्यावर आपटून परत आलेला उजेड मोजतो.
आला? आला.
मिनिटाला पाचशे वेळा हेच.
त्या डोळ्यावर तूस बसली होती,
टॉवेलनंच अंगावरची झाडलेली.
धागा दारात उभा, आणि डोळा म्हणतोय कुणी आलंच नाही.

बनियन फिरवलं. सात नंबर सुरू.

निघताना सहज विचारलं, आठ कसाय?
एकदम झकास. तीन आठवडे ताण्याला थांबला नाही.
तीन आठवडे?
मे महिना, सोलापूर, रात्रीही भिंती तापलेल्या,
सूत पापडासारखं कडकडतंय, आणि एकही धागा तुटला नाही?

मी मागच्या बाजूला वाकून बॅटरी मारली.
ताण्याच्या प्रत्येक धाग्यावर पोलादाचं एक पान असतं,
ब्लेडहून पातळ, धाग्याच्या जिवावर तरंगणारं.
धागा तुटला की पान पडतं,
खालच्या दोन पट्ट्यांना एकदम शिवतं,
करंट धावतो, माग उभा.
बाकी वेळ इथून काहीच वाहत नाही.
गप्प म्हणजे खुशाल.

लाल बटणाचं उलटं असतं.
तिथं करंट सारखा फिरतो, आहे, आहे, आहे म्हणत,
उंदरानं वायर कुरतडली तरी माग थांबतो.
पानांना ती सोय नाही.
त्यांची वायर कुणी सोडवली
तर ती पडतात, आणि गप्पच राहतात.

तीन पानं पडलेली.
वायर सुटी. टोकाला काळी टेप, नीट गुंडाळलेली,
कोपरा दुमडलेला, पाहिजे तेव्हा काढता यावी म्हणून.
टॉवेलांवर तीन बारीक रेघा, थेट गठ्ठ्यापर्यंत गेलेल्या.

मी गोवर्धनकडं बघितलं. त्यानं ऑफिसकडं.
ऑफिसात कपाटावर डबा आहे, हिरवे दिवे लुकलुकणारा,
चोवीस मागांच्या चोवीस वायरी त्यात शिरतात.
कुठल्या भोकामागं कोण राहतं ते त्याला पाठ,
ह्याची चिठ्ठी त्याच्या दारात कधी टाकत नाही.
चिठ्ठीत काय आहे ते मात्र वाचत नाही.
शेठ पुण्यात मोबाईलवर बघतो : सात लाल, आठ हिरवा.
ओठ म्हणाले, गेल्या महिन्यात अकराशे कापले.
लाल दिसलं म्हणून.

माझी आई विड्या वळायची.
चेकर हजारातल्या शंभर बाजूला टाकायचा, छाट म्हणून,
पैसे नऊशेचे. शंभर मात्र तिला परत नाहीत.
हे मी गोवर्धनला सांगितलं नाही.
इतकं लांब ओठांनी सांगता येत नाही.

टेप काढली. वायर जोडली.
आठ नंबर तिथल्या तिथं थांबला.
तेवीस माग बोलत राहिले.
गोवर्धननं गाठी मारल्या, एक, दोन,
तिसरी दोनदा सुटली.

वहीत लिहिलं : सात नंबर, डोळा पुसला.
आठसमोर पेन थोडा वेळ धरून बंद केलं.

दुपारपर्यंत फोन नाही.
चारपर्यंत नाही.
बरं चाललं असेल.
गप्प म्हणजे खुशाल.

साडेचारला मीच लावला.
तिकडून आधी नुसते माग ऐकू आले.